दिवसपाळीची आई

तीर्थरूप मावशी हिला भाच्याचा वाकून नमस्कार.

(वाकून म्हणजे कागदावर. दिवसभर सरकत्या पट्ट्यापुढे उभं राहून कंबर अशी आखडली आहे की प्रत्यक्ष वाकलो तर आशीर्वाद देऊन झाल्यावर तुलाच मला उभं करावं लागेल.) शाळेत पत्रलेखन शिकवणाऱ्या बाई सांगायच्या की तीर्थरूप फक्त आईवडिलांना लिहायचं, बाकीच्या वडीलधाऱ्यांना तीर्थस्वरूप. पण आई गेल्यापासून माझ्याकडचं तीर्थरूप नुसतं पडून आहे, म्हणून तुला लावलं. तुझे गुडघे कसे आहेत? जिन्यात मधल्या मजल्यावर एक खुर्ची ठेवून घे म्हटलं होतं, ती ठेवलीस की अजून शिंपीणबाईंच्या दारात दम खायला थांबतेस आणि त्यांच्या सुनेची चौकशी करतो आहोत असं दाखवतेस? डोळ्यांत औषध वेळेवर घालतेस ना? इकडे आम्ही सगळे ठीक आहोत. तुझी सूनबाईही ठीक आहे, म्हणजे माझी बायको माझ्याशी बोलत नाही, पण तब्येत उत्तम. अक्षराबद्दल रागावू नकोस. उजव्या अंगठ्याला पट्टी आहे, पेन दोन बोटांच्या मध्ये विडीसारखं धरून लिहितो आहे. पट्टी का आहे ते पुढे येईल.

तुझं पत्र मिळालं. एकदा वाचलं आणि कपाटात शर्टांच्या घडीखाली ठेवून दिलं. तू लिहितेस की हल्ली संध्याकाळी एकटीसाठी स्वयंपाकाचा घाट घालवत नाही, म्हणून आमच्या कंपनीच्या कटलेटांचं पाकीट आणतेस, त्यातली दोन गरम करतेस आणि ब्रेडबरोबर खातेस. इथवर वाचलं तेव्हा मी चहा पीत होतो. पुढे लिहितेस की प्रत्येक कटलेटाच्या मधोमध जो अंगठ्याचा ठसा असतो, तो थेट आईच्या, म्हणजे तुझ्या ताईच्या हातासारखा आहे. तसाच रुंद, तसाच डावीकडे कललेला. तीही तव्यात टाकायच्या आधी असाच अंगठा दाबायची, मध्ये कच्चं राहू नये म्हणून. आणि तू खायच्या आधी त्या खळग्यात आपला अंगठा जरा वेळ ठेवून बघतेस, तो बरोबर बसतो. मावशी, मी चहा तसाच ठेवून उठलो आणि कारखान्याच्या मोरीत जाऊन तोंडावर पाणी मारत बसलो. मुकादमाला वाटलं मला उलटी होते आहे, त्याने मला खाल्लंस काय म्हणून विचारलं आणि उत्तर ऐकायच्या आधी निघून गेला. आमच्याकडे ते उत्तर कुणालाच ऐकायचं नसतं.

तू बिल्डिंगभर सांगितलं आहेस की भाचा त्या कंपनीत मोठा अधिकारी आहे. आधी ते निस्तरतो. मी अधिकारी नाही. मी अंगठा आहे. तुला जो ठसा दिसतो तो माझा. (निदान दिवसपाळीच्या मालावरचा. रातपाळीचा वेगळा आहे, तो जरा खोल बसतो आणि मध्ये कटलेट फाटतं. तुझा बरोबर बसला म्हणजे तुझ्या नशिबी दिवसपाळीचा माल आला आहे, हे त्यातल्या त्यात बरं.)

हे कसं झालं ते सांगतो. मी होतो लेबल विभागात कारकून, हे तुला ठाऊकच आहे. तेव्हा आमची कटलेटं यंत्रातून अगदी गोल, गुळगुळीत यायची, बाटलीच्या झाकणासारखी. कंपनीने बाजारात माणसं पाठवून विचारपूस केली, तेव्हा लोक म्हणाले की चव बरी आहे, पण हे कुणी केलंय असं वाटत नाही, आपोआप झालंय असं वाटतं. म्हणजे खरं काय ते लोकांना नको होतं, पण खोटंसुद्धा मन लावून केलेलं हवं होतं. त्यावर मोठ्या साहेबांनी बैठक बोलावली. मला जुन्या लेबलांचे नमुने हातात देऊन कोपऱ्यात उभं केलं होतं आणि विचारल्याशिवाय बोलायचं नाही अशी ताकीद होती. पण आपल्या जिभेला हाड नाही. (काकांनी टोप घातला आहे हे तुझं लग्न ठरण्याच्या बैठकीत मोठ्याने सांगणारा मीच. तू तरी लग्न केलंस, हा तुझा मोठेपणा.) मी मध्येच बोलून गेलो की माझी आई कटलेटावर अंगठा दाबायची. सगळे माझ्याकडे बघायला लागले. आमचे जाहिरातसाहेब म्हणून आहेत, ते पंख्याकडे बघून विचार करतात. त्यांनी पंख्यावरची नजर खाली आणली, माझ्याकडे असं पाहिलं की जणू मी आताच जन्माला आलो, आणि कागदावर लिहिलं, ‘आईच्या अंगठ्याची खूण’. तुझ्या पाकिटावर ती ओळ आहे ना, ती अशी माझ्या डोळ्यांदेखत, माझ्याच बडबडीतून, समोसा खाता खाता लिहिली गेली.

मग अंगठा शोधणं सुरू झालं. कॅन्टीनमध्ये ओल्या कणकेचे गोळे मांडले आणि झाडूवाल्यापासून हिशेबनिसापर्यंत सगळ्यांना रांगेत उभं करून एकेक ठसा घेतला. पट्ट्यावरच्या बायका खरोखरच्या आया आहेत, त्यांचा नंबर पहिला लागायला हवा होता. पण त्यांचे ठसे बघून जाहिरातसाहेब म्हणाले की यात घाई दिसते, माया दिसत नाही. (घाई दिसणारच. त्यांना घरी जाऊन खरा स्वयंपाक करायचा असतो.) हिशेबनिसाच्या ठशात त्यांना वसुली दिसली. माझ्या ठशापाशी आले आणि थांबले, आणि चष्मा काढून म्हणाले की ही माया. आईकडून मला एवढा एक अंगठाच मिळाला आहे, बाकी नाक, पोट आणि उधारउसनवारीचा स्वभाव सगळं वडिलांकडून आलं. खोटं कशाला बोलू, मला फार बरं वाटलं. आयुष्यात पहिल्यांदा कुणीतरी मला रांगेतून बाजूला काढलं होतं आणि ते ओरडण्यासाठी नव्हतं.

तेव्हापासून हजेरीपटावर माझ्या नावापुढे पद लिहिलेलं असतं, ‘आई (दिवसपाळी)’. रातपाळीची आई म्हणजे आमचा पैलवान. तो आधी गोदामात पोती उचलायचा, लिंबाएवढा अंगठा, भरघोस मिशी, आणि मिशीचे केस मालात पडू नयेत म्हणून मिशीला जाळी. पाळी बदलताना आमची गाठ पडते, तेव्हा तो गंभीरपणे विचारतो, काय आई, आज माल कसा काय, आणि मी सांगतो, सैल आहे आई, जपून दाब. मी आजारी पडलो की फळ्यावर ‘आई रजेवर’ असं लिहितात. एकदा मी धीर करून बढतीचं विचारायला गेलो, तर साहेब म्हणाले, अरे, आईच्या वर काय असतं? मी त्यांचे आभार मानून बाहेर आलो.

काम तसं साधं. पट्ट्यावरून कटलेटं येतात. माझ्या अलीकडे चार बायका बसतात, त्या यंत्राने गोल केलेल्या कडा बोटाने बिघडवतात. (सरळ गोष्ट वाकडी करायला तिथे पगार मिळतो. घरी माझ्या हातून एक गोष्ट सरळ होत नाही, तर बोलणी खातो.) मग माझ्यापुढे आलं की मी अंगठा दाबायचा, बस. अंगठ्यावर निळ्या रबराची टोपी घालायची, तिच्यावर माझ्याच ठशाच्या रेषा उठवलेल्या आहेत. समोरच्या भिंतीवर मोठं चित्र आहे, हिरवंगार कुरण, ऊन, आणि मधोमध हसणारी कोंबडी. कोंबडीला ओठ नसतात, तरी ती हसते, चित्रकाराने तेवढं करून दाखवलं आहे. डाव्या हाताला जाड प्लास्टिकच्या पट्ट्यांचा पडदा आहे आणि त्याच्या पलीकडून ते गुलाबी सारण येतं. पलीकडे जायला मला कुणी बंदी केली नव्हती. पडदाच तो, हाताने बाजूला झाला असता. पण आपण बरं की आपलं काम बरं, आणि झाकली मूठ सव्वा लाखाची, अशा वाडवडिलांच्या शहाणपणावर मी एवढी वर्षं आरामात काढली. शहाणपणाचा उपयोग मी नेहमी न बघण्यासाठीच केला आहे.

आणि मग एके दिवशी माझ्या अंगठ्याची टोपी हरवली. कशी हरवली ते अजून कळलेलं नाही. मी भिंतीवरच्या कोंबडीकडे बघत होतो, मनात जेवणाच्या सुट्टीचा विचार होता, आणि खाली बघतो तो अंगठा उघडा. पट्टा पुढे गेलेला. आता टोपी पुढे पाकिटांत गेली असेल, किंवा फाटक्या कटलेटांच्या क्रेटमध्ये पडली असेल. ते क्रेट भरलं की ढकलगाडीवरून पडद्याआड परत जातं, पुन्हा दळायला. पाकिटांकडे गेली असेल हा विचार मला सोसवेना, म्हणून ती क्रेटमध्येच असणार असं मी ठरवून टाकलं आणि गाडीच्या मागे गमबूट वाजवत पळालो. पडदा डोक्यावर सपासप आपटला आणि मी पलीकडे गेलो.

मावशी, तू आता जेवत असशील तर पत्र बाजूला ठेव. मांस असं आमच्या कटलेटांत येतच नाही, ते दुसऱ्या विभागात जातं, श्रीमंत पाकिटांत. आमच्याकडे येतो तो उरलेला सांगाडा. माना, पाठी, बरगड्या. एक मोठं यंत्र ते सगळं चाळणीतून दाबून काढतं, हाडं एका बाजूला पडतात आणि दुसऱ्या बाजूने गुलाबी मलम येतं. हो, मलमच, दुसरा शब्द नाही. त्यात कातडी, बर्फ, पिठी आणि एक पांढरी भुकटी घालतात, तिच्या पोत्यावर टोपीवाल्या आचाऱ्याचं चित्र आहे आणि तोही हसतो आहे. मी म्हटलं होऊ दे, आपण काही राजवाड्यात वाढलेलो नाही. पण कोपऱ्यात दोन माणसं सुऱ्यांनी पाकिटं फाडत बसली होती. आमचीच पाकिटं. दुकानांतून परत आलेली, तारीख उलटलेली. त्यातून कटलेटं निघत होती आणि प्रत्येकावर माझा अंगठा होता. ती दळणात पडत होती, दुसऱ्या बाजूने सारण होत होतं, आणि ते सारण पडद्याखालून माझ्याचकडे येत होतं. म्हणजे कित्येक कटलेटांना मी दोन-दोन, तीन-तीन वेळा आईची माया लावली असणार. लोकांना पुनर्जन्म मिळतो की नाही ठाऊक नाही, आमच्या कटलेटांना मिळतो.

मला चक्कर आली, पण जमीन अशी होती की तिच्यावर पडायचं धाडस होईना. म्हणून समोरच्या दारातून अंगणात गेलो, हवा खायला. तिथे ट्रक उभा होता. पिंजऱ्यांत कोंबड्या. मी ड्रायव्हरला विचारलं की या कसल्या, तर म्हणाला, अंडी देऊन देऊन संपलेल्या. म्हणजे नोकरीतून निवृत्त होऊन थेट आमच्याकडे. मानेवर पिसं नाहीत, अंगावर ठिकठिकाणी लाल कातडी. एका पिंजऱ्याचं दार निसटलं आणि त्यातली एक खाली आली. आली आणि आडवी झाली. उठायला बघे आणि पुन्हा आडवी होई. ड्रायव्हर म्हणाला, जमिनीवर कधी चाललेली नाही, कसं चालायचं तिला माहीत नसतं. मी तिला उभं करायला गेलो तर तिने माझ्या अंगठ्याला चोच मारली. चोचीचं टोक आधीच कापलेलं होतं, त्यामुळे मला काही लागलं नाही. मला लागायला हवं होतं असं वाटलं. परत आलो तेव्हा तपासणीच्या बाई क्रेट उपसत होत्या, टोपी काही त्यात नव्हती. मला म्हणाल्या की तरी टोपी निळी असते हे बरं, निळं खाण्यात काही नसतं म्हणून ते सापडतं. बाकी जे काही पडतं ते गुलाबीच असतं. एवढं सांगून त्या चहाला गेल्या.

त्या संध्याकाळी मी घरी आलो तो शुद्ध होऊन. यापुढे भाजीपाला, डाळ, फळं. घरात सूनबाईच्या ऑफिसातल्या दोन मैत्रिणी जेवायला आल्या होत्या आणि ताटांत आमचीच कटलेटं होती (आम्हाला सवलतीत मिळतात). मी गप्प बसायला हवं होतं हे तुला कळतं, मला कळत नाही. मी चाळणीपासून सुरुवात केली आणि कोंबडीच्या मानेपर्यंत पोचलो, तेव्हा एक मैत्रीण न्हाणीघरात होती आणि दुसरी चपला शोधत होती. तेव्हापासून घरात शांतता आहे. पण खरी लाजिरवाणी गोष्ट पुढेच आहे. चार दिवसांनी मी त्या मोठ्या काचेच्या दुकानात गाजरं आणायला गेलो. थंड कपाटासमोरून जाताना आमचं पाकीट दिसलं, त्यावर ती ओळ, तो ठसा. आणि मावशी, मला आईची आठवण आली. ओळ समोसा खाताना लिहिलेली, ठसा माझा स्वतःचा, आतला माल काय ते डोळ्यांनी पाहिलेलं, आणि तरी मी कपाटाचं दार उघडलं, आणि वर ‘एकावर एक मोफत’ अशी पट्टी होती. मी दोन पाकिटं घेतली. गाजरं विसरलो. पाकिटं घरी आणून फ्रीजमध्ये मटारांच्या मागे लपवली आणि सूनबाई झोपल्यावर एक खाल्लं. चांगलं लागलं. स्वतःच्या हाताने घातलेल्या टोपीत स्वतःच फसणारा मूर्ख तू पाहिला नसशील, तर पुढच्या वेळी माझ्याकडे नीट बघ.

टोपी सापडली. एका बाईंच्या ताटात सापडली. त्या शाळेत गणित शिकवतात आणि पत्र लिहिण्यात कुणाला ऐकत नाहीत. त्यांनी वर्तमानपत्रात फोटोसकट छापून आणलं, ‘कटलेटात अंगठा’. आम्ही सगळे सामानाची पिशवी भरून तयार होतो. मोठे साहेब पांढरेफटक. फक्त जाहिरातसाहेब पंख्याकडे बघत बसले होते, आणि थोड्या वेळाने त्यांनी वर्तमानपत्रात उत्तर छापलं की होय, टोपी आमचीच, आम्हाला खेद आहे, आणि आता तरी लोकांना पटेल की आमचं प्रत्येक कटलेट खरोखर हाताने होतं, यंत्राला टोपी लागत नाही. दोन दिवसांत दुकानांतला माल संपला. लोक पाकिटं उघडून टोप्या शोधायला लागले. रस्त्यात लोक एकमेकांना सांगत होते की बघा, अजून जगात कुणीतरी हाताने करतं. मला वाटलं होतं सत्य बाहेर आलं की पळापळ होईल. सत्य बाहेर आलं, आणि त्याचीच जाहिरात झाली.

पण गणिताच्या बाई चिवट. त्यांनी पुन्हा लिहिलं की मग ती आई दाखवा. आता कंपनीला नाही म्हणता येईना. येत्या गुरुवारी बाई, त्यांच्याबरोबर पन्नास गिऱ्हाइकं आणि वर्तमानपत्रवाले कारखान्यात येणार आहेत, पडद्याच्या अलीकडच्या खोलीत. शिवाय बाई एक गोठवलेलं कटलेट डब्यातून आणणार आहेत, आईचा अंगठा त्या खळग्यात बसतो का ते बघायला. त्यांना काय दाखवायचं? पैलवान मिशी काढायला तयार झाला, पण मिशी काढल्यावर तो पैलवानापेक्षाही भयंकर दिसेल असं सर्वांचं मत पडलं. मला बघून साहेब नुसतेच मान हलवत राहिले. नाटकात काम करणारी एक वयस्क नटी बोलावली, ती कटलेट थापताना इतकं सुंदर रडली की आमचा मुकादमही रडला, पण तिचा अंगठा खळग्यात घातला तर भोवती एवढी जागा उरली की त्यात अजून एक नटी मावली असती.

इकडे मोठ्या साहेबांनी दुसरी सोय करून ठेवली आहे. माझ्या अंगठ्याचा साचा घेतला, त्यावरून रबराचा अंगठा होतो आणि तो यंत्राला बसतो. (साचा घेताना प्लास्टर जास्त झालं आणि साचा वेळेआधी घट्ट झाला. हातोडीने फोडावा लागला. अंगठ्याला पट्टी आहे ती त्याची.) गुरुवार नीट पार पडला तर हाताचं काम चालू राहील, कारण लोक बघायला येत राहतील. फजिती झाली तर शुक्रवारपासून रबराचा अंगठा, आणि मी, पैलवान आणि कडा बिघडवणाऱ्या सगळ्या बायका घरी. त्या बायकांपैकी दोघींची घरं त्यांच्या एकटीच्या पगारावर चालतात. माझं म्हणशील तर, या वयात दुसरीकडे जाऊन मी काय सांगू की मला काय येतं? मला आई होता येतं, एवढंच.

असो. पत्र लांबलं. सांगायचं मुख्य हे की मावशी, तू ती कटलेटं खाऊ नकोस. गुडघे दुखत असले तरी उभी राहा, गॅस पेटव, दोन बटाटे उकड. ताईची आठवण आली तर मला पत्र लिही, पाकीट आणू नकोस. त्यात ती नाही, मी आहे, आणि पडद्यापलीकडे काय आहे ते तुला आता सांगितलं आहे. मला तुझ्याशिवाय कुणी मोठं उरलेलं नाही आणि तुला काही झालं तर मला सहन होणार नाही. तब्येतीला जप.

तुझ्या पायांवर डोकं ठेवणारा,
तुझा अंगठाबहाद्दर भाचा

ता. क. घरात पाकिटं उरली असतील ती टाकून दे. शिंपीणबाईंच्या मांजरालाही घालू नकोस. सगळी टाकू नकोस, एक ठेव. गुरुवारच्या आधी अंगठा त्यात नीट बसतो का ते अजून एकदा बघून घे, रुंदीत आणि कलण्यातही.

ता. क. दुसरं. तुझ्या लक्षात आलंच असेल. नटीचा अंगठा बसेना तेव्हा सगळे डोक्याला हात लावून बसले होते, आणि मी कोपऱ्यात उभा होतो, आणि मला कुणी विचारलेलं नव्हतं. मी बोलून गेलो की माझ्या मावशीचा बसतो, तिनेच पत्रात लिहिलं आहे. तेव्हा गुरुवारी तू यायचं आहे. काम काही नाही, खुर्चीवर बसायचं, मी बाजूला उभा असेन, दहा-बारा कटलेटांवर अंगठा दाबायचा आणि बाईंच्या कटलेटात एकदा घालून दाखवायचा. टोपी घालायची नाही, टोपीत आई दिसत नाही असं साहेबांचं म्हणणं आहे. कुणी विचारलं तर सांग की मीही रोज हेच खाते, ते तर खरंच आहे. पडद्याकडे बघू नकोस. वर लिहिलेलं सगळं मला आधीच सांगावंसं वाटलं, कारण मागाहून दुसऱ्याकडून कळलं असतं तर तू माझं तोंड पाहिलं नसतंस. आता निदान पाहून मग शिव्या देशील. मला लाज वाटते, मावशी. तू नाही म्हणालीस तर मला तुझा अभिमान वाटेल, आणि शुक्रवारी मी घरी बसेन. यातलं काय व्हावं असं मला वाटतं ते माझं मलाच कळत नाही. (कळतं. ये.)

ता. क. तिसरं. पत्र पोस्टाने न पाठवता कंपनीच्या ड्रायव्हरबरोबर पाठवतो आहे. तू हे वाचते आहेस तेव्हा तो खाली गाडीत बसलेला आहे. त्याला उत्तर घेऊन ये असं सांगितलेलं नाही, तुला घेऊन ये असं सांगितलं आहे.

ता. क. शेवटचं. अंगठा दाबताना तुला ताईची आठवण येईल. डोळ्यांत पाणी आलं तर पदराने पुसू नकोस, येऊ दे. साहेबांनी परवा विचारलं की तुमच्या मावशींना थोडं रडता येईल का, की नटीकडून शिकवून घ्यायचं? मी म्हटलं, शिकवावं लागणार नाही, ती खरंच रडेल.